वही, मार्तंड कंप्युटर्स

अठ्ठ्याण्णव साल आमच्याकडे
नव्याण्णवच्या मार्चात आलं,
जेल रोडवरून, श्रीरंगकाकाच्या स्कूटरच्या डिकीत.
सात सीडी, पांढऱ्या कागदी पाकिटांत,
नावं मार्करने लिहिलेली, घामाने निम्मी पुसलेली.
असं साल खेळांना पुन्हा मिळणार नाही,
दुकानदाराने सांगितलं म्हणे.
काकू म्हणाली, साडीवालाही असंच सांगतो.

रामबागेत, पिठाच्या गिरणीवरची खोली.
चार कंप्युटर, एक पंखा, मी.
खाली ज्वारी पडली की माउस आपोआप सरकायचा.
कीबोर्डवर रोज पिठाची साय.
माझ्याकडे वही:
नाव, मशीन, आला, गेला, पैसे.
तासाला वीस. अर्ध्या तासाला बारा,
कारण दहा म्हणताना काकाची जीभ जड व्हायची.

एका खेळात सुरुवातीला
रुळावरच्या डब्यात नुसतं बसून राहायचं,
डोंगराच्या पोटात, दिव्यामागून दिवा.
कुणाला मारायचं नाही, काही उचलायचं नाही.
पोरं कावायची: भिया से बोल ना,
ही पाच मिनिटं पैशात नको धरू.
मी धरायचे.
मला त्या खेळातलं तेवढंच आवडायचं.

दुसऱ्यात पहारेकऱ्याच्या डोळ्यांतून
हिरवा तिकोन फिरायचा जमिनीवर.
तिकोन वळेल तिकडे नजर,
आपण मागून सरपटायचं.
शार्दूल टांकसाळे एका पुलापाशी
अकरा दिवस अडकून होता.
मला तो खेळ कुणी शिकवावा लागला नाही.
घरी जाताना दिसायचेच तिकोन:
टांकसाळेकाकूंच्या गॅलरीतून एक,
पानाच्या ठेल्यावरून तीन,
देवळाच्या पायरीवरून एक, संथ, डावीकडून उजवीकडे.
मी थांबायचे, मोजायचे, निघायचे.

आणि गिरधर वानखेडे.
साचेखात्यात होते. मिल बंद होऊन सात-आठ वर्षं,
पैसे अजून कोर्टात.
नातवाला न्यायला आले आणि
त्याच्या खुर्चीची पाठ धरून उभेच राहिले.
दुसऱ्या दिवशी एकटे.
वीस रुपये, सुटे, टेबलावर मोजून.

मोटारसायकलवाला खेळ मागितला.
शर्यत लावली नाही. उड्या नाहीत, टेकड्या नाहीत.
सरळ. वाळवंटातून नुसतं सरळ,
नकाशाच्या काठापर्यंत.
तिथे कडा. कडा चढून पलीकडे चाक टेकलं
की धडाम्,
न दिसणारं काहीतरी तुम्हाला गाडीसकट उचलतं
आणि मागे फेकतं, उंच, हातपाय फाकवून,
पुन्हा मधे कुठेतरी.
पोरं हसून लोळली.
वानखेड्यांनी गाडी उचलली, निघाले.
उत्तरेचा काठ. दुसऱ्या आठवड्यात पूर्वेचा.
म्हणाले, सगळीकडून बघायला पाहिजे,
एखाद्या बाजूला वॉचमन नसेल.

मी लिहिलं: वानखेडे, मशीन तीन, ४.१० ते ५.१०.
वीस घेतले. पंधरा दिवस घेतले.
सोळाव्या दिवशी दहा लिहिले.
काकाने बोट ठेवून विचारलं.
म्हटलं, लाइट गेली होती.

वही अजून आहे माझ्याकडे.
तिच्यात एकाही खेळाचं नाव नाही,
तसा रकानाच नव्हता.
त्या सालाबद्दल लोक आता मोठमोठं बोलतात,
मी वही उघडते तर
नुसती येण्याजाण्याची वेळ.

दक्षिण राहिली होती.
वानखेडे चार दिवस आले नाहीत, खोकला होता.
गिरणी थांबल्यावर, शटर निम्मं ओढून,
मी मशीन तीनवर बसले.
वहीत लिहिलं नाही.
बराच वेळ वाळू. मग कडा.

पाचव्या दिवशी ते जिना चढून आले, धापत.
मी सांगितलं, दक्षिणेलाही आहे.
त्यांनी सुटे पैसे मोजता मोजता विचारलं,
किती उंच फेकलं?
मी हात वर करून दाखवला,
पंख्याला लागेल इतका.