विडी घरकुल, सकाळचे सात

दिवसाला आठशे विड्या बांधते मी,
आठशे गाठी दोऱ्याच्या.
हिच्या जिभेखालची एक
सात वर्षं दिसली नाही मला.

सोलापूरच्या सिव्हिलमध्ये ती सोडवली.
तरी जीभ पडूनच,
दावं काढलं तरी न हलणाऱ्या वासरासारखी.

आता रोज आरशापुढे:
टोक वर, दातांच्या मागे. धर.
टाळूला चिकटव. सोड. टॉक्.
वरच्या ओठाला शेंगाचटणी लावते,
तिखट लागतं
म्हणून तरी धावते बिचारी.

बाप रात्रपाळी करून आलेला,
कान अजून मागापाशीच.
तो ओठ बघून ऐकतो.

काल ‘भागवी’ची ‘भार्गवी’ झाली.
मधला र थरथरला,
तुटला नाही.

त्याने तेलुगूत विचारलं, काय म्हणाली?

तिलाच विचार की.