सरकीचं पोतं

मानसाच्या जागी आधी सरकी बसली.
जिनिंगच्या काट्यावर म्याच तोलली:
बहात्तर किलो, बुटाचं वजन धरून.
मॅडमनं विचारलं, "कवडूभाऊ, प्रवाशाचं नाव?"
म्या म्हनलं, लिवा, सरकी.

फुगा गेला. गिरडाच्या टेकडीवर
लिंबाएवढा, मंग बोराएवढा,
मंग मान दुखाले लागली.

सांजेले सापडलं पोतं
नेवाऱ्याच्या तुरीत,
खुर्चीवरच, पट्टा बांधून.
शिवन शाबूत. हात लावला तं
माठाच्या बुडावानी थंडगार.

तिकीट म्हने पन्नास लाखाचं.
कॅमेऱ्यात भरदुपारी कायंभोर आभाय.

त्यातली पायलीभर रातच्याले भिजवली,
सकाऊन म्हशीपुढे टाकली.
रोजच्यासारखीच खाल्ली तिनं.
एकदाच मान वर केली.

माशी होती.