वाळल्यावर दिसतो तो रंग

विडी घरकुलातल्या आमच्या गच्चीवर
रंगाचे सात रिकामे डबे,
त्यांत टोमॅटोची सात झाडं.
डबे किती खरवडले,
तरी कडेला कारखान्याचा लाल राहिलाच.

एकतीस वर्षं टॉवेलचं सूत रंगवलं मी.
हौदातला रंग कधी खरा धरायचा नसतो,
ओलं सूत फुशारकी मारतं.
वाळून काय होणार
ते आधी डोळ्यांत वाळवून बघायचं
आणि लड उचलायची.

टोमॅटोच्या बाबतीत
एवढी अक्कल यायला तीन उन्हाळे गेले.

राजमणी विड्या वळता वळता,
मान वर न करता सांगायची, ‘तेंपंडी.’
तोडा.
बुडाशी नखाएवढी गुलाबी झाक आली की बास.
मी म्हणायचो, झाडावरचं ते झाडावरचं.
पण एप्रिलात सोलापूर बेचाळीसला जातं,
त्या उन्हात लालसुद्धा चढत नाही,
फळ पिवळट, चिडकं राहतं,
खांद्यावर भाजल्यासारखा पांढरा डाग.

म्हणून आता कॉटखाली.
विटक्या चादरीवर, देठ खाली करून,
एकमेकांना टेकू न देता,
मध्ये एक पिकलेलं केळं.
शेजारच्या गुंडेटीने फ्रिजमध्ये ठेवले होते.
लाल झाले म्हणे. चव विचारली
तर पाण्याची म्हणाला.

यंदा एक मात्र मी हट्टाने ठेवला झाडावर,
गोणपाटाची सावली धरून,
बुलबुलांवर पाळत ठेवून.
पुरता लाल झाला.
आणखी एक दिवस, म्हटलं.
त्याच रात्री तीनला नळ आला, पाचव्या दिवशी.
मायेने दोन तांबे जास्तच ओतले.

सकाळी देठापासून बुडापर्यंत उकललेला,
आत मुंग्यांची रांग.

राजमणी काही बोलली नाही.
कात्रीने, पानं कातरायच्या त्याच कात्रीने,
मुंग्यांची बाजू काढून टाकली,
मीठ लावलं,
अर्धा माझ्या तळहातावर ठेवला.
गोड होता.
तेही कुणी बोललं नाही.

रात्री कॉटखालून वास येतो,
पानाचा, थोडा आंबूस.
दिवा न लावता मी हात घालतो.
अंगठ्याखाली जरासा दबला तो उद्याचा.
हा परवाचा.
हा एक कोपऱ्यातला अजून दगड,
कदाचित मीच घाईने तोडलेला.
त्याला केळ्याजवळ सरकवतो
आणि चादर पुन्हा ओढून घेतो त्याच्यावर.