तुराबाई

डोमाजी हेडाऊ, माझे आजोबा,
दिवसा मागावर बसत
आणि रात्री टिनाच्या थेटरात
पडद्याच्या डाव्या अंगाला उभे राहत.
हातात वेताची काठी, गालात लवंग.
मिशनच्या शाळेतलं सहावीपर्यंतचं इंग्रजी,
तेवढ्यावर पांढऱ्या अक्षरांच्या पाट्या वाचायच्या
आणि पाचशे माणसांना सांगायचं,
पडद्यावरची गोरी बाई काय म्हणून राहिली.

तिचं नाव तूरा लिंडेल.
पहिल्याच खेळाला आजोबांनी तिची तुराबाई केली.
कुणाला वावगं वाटलं नाही.
पागोट्याला असतो, कोंबड्याला असतो,
उसाला येतो,
स्वीडनच्या बाईला का नसावा?
स्वीडन कुठं, ते आजोबांनाही ठाऊक नव्हतं.
'गोंदियाच्या पुढं', ते सांगत.

खेळ असा:
गोठलेल्या खाडीवरून ती घसरगाडी ओढत चालली आहे,
गाडीवर चादरीत गुंडाळलेलं शिवणयंत्र.
पलीकडच्या गावात काम मिळणार आहे.
इकडे नवतपा, रात्री दहालाही टिन तापलेलं.
आजोबा म्हणाले, शुक्रवारी तलाव कडक झाला असं समजा,
बर्फाच्या गोळ्यासारखा, या काठापासून त्या काठापर्यंत.
मग वरून पांढरं पडायला लागलं
आणि मागच्या बाकांवरचे एम्प्रेस मिलचे लोक
खोकायला लागले.
भुरभुरणारं पांढरं त्यांना एकच माहीत होतं,
ते छातीत जाऊन बसतं.
कुणीतरी ओरडलं, 'बाई, नाकाला पदर लाव!'
आणि आजोबा शपथेवर सांगत,
तिनं शाल वर ओढली.

परवा स्टॉकहोमहून पत्र आलं.
मी विचारलं होतं, त्यांनी नीट उत्तर दिलं.
जन्म उत्तरेकडच्या एका बंदरात, बाप मासे खारवणारा.
सोळाव्या वर्षी फिरत्या नाटक मंडळीत.
अकरा चित्रपट.
त्यातले नऊ नाहीत.
एक गोदामासकट जळाला,
एकाची फिल्म धुऊन चांदी काढून घेतली,
बाकीच्यांचं कुणी लिहून ठेवलं नाही.
शिवणयंत्राच्या खेळातले चाळीस मीटर उरलेत,
म्हणजे दोनच मिनिटं.
त्यात ती एकदा मागे वळते, काहीतरी बोलते.
पुढची पाटी हरवली आहे.

१९३१ साली तिच्या आवाजाची परीक्षा घेतली.
तिचं उत्तरेकडचं बोलणं ऐकून
राजधानीतली माणसं हसली.
कशी हसली असतील, मला कळतं.
पुण्यात एकदा मी म्हणालो होतो,
'मी जेवून राह्यलो.'

त्यानंतर एका थेटरच्या तिकीटखिडकीत बावीस वर्षं.
काचेला गोल भोक,
लोकांना तिची बोटं तेवढी दिसायची.

त्याच सुमारास आजोबांची काठी सुटली.
पडदा आपला आपण बोलायला लागला, तोही हिंदीत.
पुन्हा माग, पुन्हा लुगड्याचे काठ,
कधीमधी धोटा फेकता फेकता
शेजारच्या मागाला ऐकू जाईल असं एखादं वाक्य.
पण वही त्यांनी रद्दीत घातली नाही.

वहीत ती बोलते.
'थांब रे पाण्या, मी गरिबाची पोरगी आहो.'
'मशीन बुडली त खाऊ काय?'
'मागं पाहू नको, तुरे. मागं कोणीच नाही.'
पाटीवर खरंच असं होतं,
की आजोबांनी ऐन वेळी पदरचं घातलं,
हे विचारायला आता कुणी नाही.
पत्राच्या शेवटी त्यांनी नम्रपणे लिहिलंय,
ती काय बोलते याविषयी आपल्याकडे काही माहिती असल्यास.

मी अजून कळवलेलं नाही.
रोज वही काढतो, वाचतो, ठेवून देतो.
वळण्याच्या त्या जागी, समासात,
आजोबांनी पेन्सिलीनं लिहिलं आहे:
'इथं काही न बोलणे.
बाईला दम घेऊ देणे.'