सव्वा रुपया, जोड एक

शिरोली नाक्यावर एकोणीस वर्षं मी जकात फाडली.
फाडली म्हणजे पावती.
ट्रकवाले हाच शब्द वेगळ्या अर्थानं वापरायचे.
मग एके दिवशी वरून कागद आला, जकात संपली,
आडवा बांबू उचलला तो पुन्हा खाली आलाच नाही.
नाक्याच्या खोलीत आता एक पोरगा पंक्चर काढतो.

रिकामा माणूस मोडी शिकतो.
रुमाल सोडायचा, धूळ झटकायची, नाक दाबायचं,
आणि रेघेला टांगलेली ती अक्षरं
एकेक उतरवून घ्यायची,
संध्याकाळी दोरीवरचे कपडे काढावेत तशी.

पट्ट्या माझ्या ओळखीच्याच निघाल्या.
घरपट्टी, म्हैसपट्टी, तेलपट्टी, लग्नटका.
हत्ती आजारी पडला म्हणून गावांकडून गूळ,
हत्ती बरा झाला म्हणून पुन्हा गूळ.
मी मोठ्यानं हसलो.
पलीकडच्या टेबलावरून मोमीन सर म्हणाले, हळू.

मंगळवारी येसू निघाली.
कागद वीतभर, कडा कसरीनं खाल्लेल्या.
‘येसू कोम मयत सटवा चांभार, पेठ मजकूर,
इणें पाट लाविला. सबब पाटदाम सव्वा रुपया
व वाहणांचा जोड एक सरकारांत घेणे,
जेणेंकरून धर्माची मर्यादा राहे.’
आणि खाली, मोर्तब सूद.

नवरा मेला तेव्हा तिच्या नावाचा कागद नाही.
चूल पुन्हा मांडली, तेव्हा राज्याला ती दिसली.
मर्यादा आणि सव्वा रुपया,
दोन्ही शब्दांत शाई सारखीच भरलेली,
लिहिणाऱ्याचा हात कुठंच अडखळला नव्हता.

माझाही अडखळायचा नाही.
हातकणंगल्याकडून आलेला टेम्पो,
रुखवताच्या सात घागरी, नव्या, पितळी. मी मोजल्या.
मुलीचा बाप म्हणाला, सायेब, लेकीचं हाय ओ.
मी म्हणालो, रस्ते कशातनं होतात मग?
खरंच होतं ते.
टेम्पो पुढच्या खड्ड्यात आदळला,
सातही घागरी एकदम वाजल्या, तेही खरंच होतं.

पन्हाळ्याच्या अंगाला एका गावात, नळाशेजारी,
गद्धेगाळ उभा आहे.
वर सूर्य, चंद्र. खाली गाढव आणि बाई.
राजानं कुणाला जमीन दिली होती,
ती जो हिसकावेल त्याच्या आईला ही शिक्षा.
हिसकावणार पुरुष, शिक्षा आईला.
डोक्यावर आभाळाची साक्ष, पायाशी शिवी,
आणि मधे राजाज्ञेच्या चार ओळी.
ओळी झिजून सपाट झाल्या. गाढव शाबूत आहे.
बायका त्याला हळदकुंकू वाहतात
आणि घागर भरेपर्यंत रिकामी कळशी
चंद्रसूर्याच्या माथ्यावर ठेवतात.

तो जोड कुणाच्या मापाचा, ते कागदात नाही.
सरकारचं पाऊल केवढं, येसूला कुणी सांगितलं असेल?
की नव्या नवऱ्यानं आपल्याच पायावर बेतून शिवला,
पापाच्या तिकटीला अजून शिवतात तसा,
करकर वाजणारा, पुढं अंगठा घट्ट धरणारा?

नोंदवहीत एक रकाना आहे: विषय.
धर्म लिहावं, महसूल लिहावं, की चपला?
आधीच्या माणसानं पेन्सिलीनं ‘किरकोळ’ लिहून ठेवलंय.
ते खोडायला मी कागद उलटा केला,
तर पाठीवर दुसऱ्याच हाताची, घाईतली एक ओळ:
‘जोड पावला. रुपया बाकी.’

त्यापुढचा कागद मी आठवडाभर शोधतोय.
सहा रुमाल झाले.
मोमीन सर म्हणतात, सापडेल, सरकार विसरत नाही.
मी मान हलवतो, सातवा रुमाल सोडतो,
आणि गाठ जरा सावकाशच उकलतो.