निवेदन

पहिल्या अनुबोधपटाचं निवेदन चौदा पानी होतं.
विषय इंदूरचं पाणी. एकवीस मिनिटांत मी
नर्मदेला बोलत बोलत घाट चढवून आणलं,
एकदाही तिला खळखळू दिलं नाही.

दुसऱ्याची नऊ पानं. तिसऱ्याची, वाटतं, सहा.
दिल्लीचे साहेब म्हणायचे, ताई,
प्रेक्षकाला हात धरून न्यावं लागतं.
मी धरायचे. घाम दोघांच्याही तळव्याला.

मग पाटनीपुऱ्यात बद्रीलाल बोरासी भेटले,
एकतीस वर्षं बॉयलरवर.
मिल बंद, भोंगा भंगारात,
आणि मला तर भोंगाच हवा होता,
कारण कागदावर लिहून बसले होते:
पहाटेचा भोंगा शहराला जागं करी.
म्हटलं, कसा वाजायचा, सांगाल?

सांगितलं नाही. चष्मा काढून खाटेवर ठेवला,
ओंजळ तोंडाशी नेली, म्हणाले, सुणो,
आणि पोटातून, खूप खालून, तो आला.
आधी जाड, मग चढत,
मग तसाच ताणून धरलेला.
गळ्याच्या शिरा तट्ट.
गल्लीतली कुत्री उठून उभी.

आणि आत सजनबाईंनी
चहाचं आधण तसंच सोडून
फळीवरचा डबा काढला, पदरानं पुसला,
झाकण उघडलं
आणि थांबल्या.

इनामुलचा कॅमेरा ओंजळीवर होता.
त्याची चूक नाही, मीच म्हटलं होतं, हलू नकोस.
डबा कुठेच नाही.
आवाजाच्या पट्टीवर फक्त, एकोणिसाव्या सेकंदाला,
झाकणाचं टक्क.

तीन रात्री एडिटिंगच्या खोलीत लिहीत बसले.
सराफ्यातून आणलेले गराडू गार झाले.
'आणि आत, स्वयंपाकघरात, त्यांच्या पत्नीनं'
खोडलं.
'सवय ही अशी गोष्ट आहे, की'
हे तर लाजून खोडलं.
शेवटी भोंग्याचं वाक्यही गेलं.
टक्क तेवढं ठेवलं.

साहेबांनी विचारलं, हा आवाज कसला? काढून टाका.
तेव्हा पहिल्यांदा मी कुणाचा हात सोडला.

आता सत्कार आहे.
संयोजकांना परिचय हवा, दीडशे शब्दांत,
सव्वीस अनुबोधपट, लेखन आणि दिग्दर्शन.
सकाळपासून लिहितेय, खोडतेय.
मघाशी त्यांचा फोन आला:
ताई, पाठवलंत ते फारच थोडं आहे.

म्हटलं, हो.
अजून एक ओळ काढायची राहिलीय.