ओला पडदा

सारंगखेड्याच्या जत्रेत इच्छाराम शेटचा तंबू.
मधोमध धोतरं जोडून शिवलेला पडदा,
अलीकडे पुरुष, पलीकडे बाया.
माझं काम पाणी मारायचं.
ओल्या कापडातून उजेड आरपार जातो,
कोरड्यात अडतो. एवढीच माझी विद्या.
दर डब्याला तापीच्या दोन बादल्या.

खेळाआधी जगाच्या बातम्या.
चार वर्षांपूर्वी संपलेली लढाई
आमच्याकडे रोज रात्री नऊला सुरू व्हायची.
हिलाल मास्तर काठी लावून सांगे:
हे फ्रान्स. हा राजा. हे पाणी नव्हे, चिखल.
इंग्रजी पाटी आली की त्याला खोकला येई.

राजा अलीकडे उजव्या हातानं सलाम करी,
पलीकडे डाव्या.
गावच्या बायांची मरेपर्यंत खात्री,
साहेबांचे राजे सगळे डावरे.

मग घोडे.
जत्राच घोड्यांची, तोफेकडे बघतंय कोण?
'तिसरा लंगडा शे.'
'त्याले नाल कोनी ठोकी?'
पडद्यावरची जनावरं मुकी.
बाहेर खुंट्याचं एखादं खिंकाळे
तेव्हा मास्तर काठी थांबवून
ते संपायची वाट बघे.

एका रात्री उखाजी गिरासे उभेच राहिले.
पलटणीच्या साहेबाला विकलेली त्यांची घोडी,
तीच मान, तीच चाल.
पण पांढरा पाय उजवा.
'आपली नई ती,' म्हणाले, खाली बसले.
पडद्यापलीकडून मानकुंवरबाई:
'आपलीच शे. पाय डावाच शे.'

ऑपरेटर त्या रात्री प्यालेला होता,
रीळ उलट्या अंगानं लावलेलं.
मला वाचता येत नव्हतं,
पण डब्यावरची अक्षरं बोटांना पाठ होती,
आणि पाणी मारायला पलीकडे गेलो
तर पडद्यावर ती तशीच्या तशी.
म्हणजे त्या रात्री खरं जग
बायांच्या बाजूला होतं.

सांगणार होतो.
पण मजुरी सकाळी मिळायची होती.

दुसऱ्या रात्री दोघं पुन्हा आले.
ऑपरेटर शुद्धीत, रीळ सुलट.
उखाजी डोक्याचा फेटा सोडून त्यात तोंड लपवून रडले.
पलीकडे मानकुंवरबाईंनी नीट पाहिलं,
पाय पाहिला, पुन्हा पाहिला,
आणि म्हणाल्या, 'चाला. आपली नई ती.'

घोडी धुरात शिरली.
तिथंच रीळ संपायचं, रोज.
पुढे काय झालं ते मास्तरलाही ठाऊक नव्हतं.
कापड वाळायला लागलं होतं.
मी बादली उचलली.